डावा खालचा कोपरा

ओलं सिमेंट उन्हात तापायला लागलं की त्याला एक वास सुटतो. मिठाचा, खवल्यांचा, आणि कुठेतरी खोल गंजक्या लोखंडाचा.

"बटणं नव्हती असं कुणीच म्हणत नाही. बटणं होती. लावलेली नव्हती." महिला मंडळाच्या अध्यक्षा, गावच्या बैठकीत, उभ्या राहून.

न्हाव्याच्या आरशात पाहिलं की पुस्तकाचं डावं ते उजवं होतं.

बर्फाची बादली कोपरात अडकवली की थंडी आधी दंडात जाते, मग खांद्यात, आणि मग कानाच्या पाळीत. ती तिथे का जाते ते कुणी सांगितलेलं नाही.

पुस्तकाच्या कमरेला गुंडाळलेला कागदी पट्टा. त्यावर एकच वाक्य, मोठ्या अक्षरांत: 'ती आता कुणाचीच नाही.'

पुसलेली जागा आणि रिकामी जागा, यांत नुसतं बघून फरक करता येतो का?

तोमोए ओगिसो, वय त्रेपन्न, नागोयातल्या एका लाँड्रीच्या काउंटरवर काम करणारी बाई, ऑक्टोबरातल्या एका दुपारी जेवणाच्या सुट्टीत स्टेशनाजवळच्या पुस्तकांच्या दुकानात विणकामाचं मासिक आणायला गेली आणि मासिकाच्या मांडणीपर्यंत पोचलीच नाही. वाटेतच एका छोट्या टेबलावर मोठ्या आकाराच्या पुस्तकांची रास होती आणि राशीवर पुठ्ठ्याची पाटी: 'तेहतीस वर्षांनी, पुन्हा.' नटी सेगावा नागीच्या फोटोंचं पुस्तक. मुखपृष्ठावर लांबवर समुद्रात गेलेला सिमेंटचा धक्का, धक्क्याच्या टोकाला काळा पुरुषी ओव्हरकोट घातलेली नटी, कोट वाऱ्यानं दोन्हीकडे उघडलेला, आणि चेहरा असा की जणू कुणी तिला दुधाचा भाव विचारलाय. हे चित्र एके काळी देशातल्या प्रत्येक माणसानं पाहिलं होतं, पाहिलं नाही म्हणणाऱ्यांनीही. दहा लाखांच्या वर प्रती गेल्या होत्या. पण तेव्हाच्या पुस्तकाच्या खालच्या भागावर हाताच्या पंजाएवढा रुंद कागदी कंबरपट्टा होता. या नव्या पुस्तकाला तो नव्हता. सगळं चित्र उघडं होतं, वरपासून खालपर्यंत, आणि डाव्या खालच्या कोपऱ्यात, जिथे ती असायला हवी होती, तिथे नुसतं ओलं सिमेंट होतं.

ती म्हणजे नटी नव्हे. ती म्हणजे तोमोए.

"नमुन्याची प्रत आहे, मॅडम, उघडून बघितलं तरी चालेल," काउंटरवरची मुलगी म्हणाली. "बायकाच जास्त घेतायत. आमच्या साहेबांना वाटलं होतं म्हातारे येतील, आणि येतायत त्यांच्या सुना."

तोमोएनं कोपऱ्यावर बोट ठेवलं. "इथे कुणीतरी होतं."

"कुठे?" मुलगी वाकली. "डाग आहे का? सॉरी हं, सकाळपासून किती हात लागलेत." तिनं बाही तळहातावर ओढून कोपरा खसाखसा पुसला, पुस्तक उजेडाकडे तिरपं धरलं, पुन्हा एकदा पुसलं. "हं. गेला बघा."

तोमोएनं तिचे आभार मानले. मासिक घ्यायचं राहून गेलं.

रस्त्यावर आल्यावर तिला राग आला नाही याचं तिचं तिलाच नवल वाटलं. सिग्नलपाशी ती इतरांबरोबर थांबली आणि इतरांबरोबर निघाली. काढून टाकलं असणार. हल्ली काढतात. ज्याचा फोटो त्याची परवानगी लागते, आणि तेहतीस वर्षांपूर्वी धक्क्यावरून जाणाऱ्या कुठल्याशा पोरीला आता शोधणार कोण. त्यापेक्षा थोडं सिमेंट इकडून उचलून तिकडे चिकटवणं सोपं. हे सगळं तिला पटत होतं. पण त्या पटण्याच्या मागून दुसरंच काहीतरी सावकाश चालत येत होतं, आणि लाँड्रीचं दार ढकलताना ते तिच्या बरोबरीला आलं: काढलं, की तिथे मुळात काही नव्हतंच? कारण तिनं स्वतःला त्या चित्रात पाहिलं होतं ते एकदाच. आणि तेही आरशात.

तिचं गाव कुरोसे, पश्चिम किनाऱ्यावरचं, बांगड्याचं आणि पावसाळी आभाळाचं. वीस वर्षांची होती ती. मच्छीमार सोसायटीच्या शेडमध्ये आई मासे साफ करायची आणि तोमोए बर्फखान्यातून बर्फ आणून द्यायची. त्या सकाळी बर्फखान्याच्या छपरावर कॅमेरा घेऊन माणसं चढलेली होती, खाली एक गाडी, गाडीच्या दारात एक मेकअपवाली बाई, आणि धक्क्याच्या टोकाला कोटातली एक लहानशी आकृती. गावात कुणालाही कळवलेलं नव्हतं. तोमोए बर्फ भरून बाहेर पडली, बादली कोपरात अडकवली, आणि शेडकडे जायचं तर धक्क्याच्या मुळाशी थोडं चालावं लागतं, तेवढं चालली. वारा होता. बस, इतकंच. त्यातलं पुढचं कुणाला काही ठाऊक नव्हतं. चार-पाच महिन्यांनी वर्तमानपत्राचं सबंध पान भरून त्या पुस्तकाची, कंबरपट्ट्यासकट, जाहिरात आली तेव्हा गावानं आधी कोट पाहिला, मग कोटातलं पाहिलं, आणि मग कुणीतरी ओरडलं, अरे हा तर आपला धक्का.

काय झालं नाही त्या वर्षी. गावच्या एकुलत्या एका पुस्तकाच्या दुकानानं वर्षभराचा माल पंधरवड्यात विकला आणि मालकाला देवळाच्या उत्सवात पहिल्या रांगेत बसवण्यात आलं. हेडमास्तरांनी पालकसभेत त्या पुस्तकाचा निषेध केला आणि निषेध करताना 'धुक्यातला तो फोटो मात्र, कला म्हणून' असं बोलून बसले. महिला मंडळाच्या बायका बैठकीत तक्रार घेऊन गेल्या, अध्यक्षांनी बटणांचं वाक्य बोलून दाखवलं, गावप्रमुखानं चष्मा पुसत विचारलं, "नक्की कुठल्या पानाबद्दल आक्षेप आहे?" आणि सगळ्या बायकांनी एका सुरात पानाचा आकडा सांगितला. तोमोएची आईच पहिल्यांदा हसली. नंतर धक्क्यावर दगडी फलक आला. टोकापाशी उभं राहून बायका फोटो काढून घ्यायला लागल्या, नवऱ्याचा कोट अंगात घालून, आत व्यवस्थित स्वेटर. लग्न ठरलेल्या, लग्न मोडलेल्या, पन्नाशी उलटलेल्या. पुरुषांनी ते पुस्तक लपवलं आणि बायकांनी त्याचा उपयोग केला, असं आता मागे वळून पाहताना तोमोएला वाटे. त्याआधी कुरोसेतली कुठलीच बाई स्वतःचा एकटीचा फोटो काढून घेत नसे. कडेवर मूल लागे, किंवा शेजारी नवरा, किंवा निदान मागे एखादं प्रसिद्ध देऊळ.

आणि मामाचं न्हाव्याचं दुकान. मामानं पुस्तक आणून ठेवलं ते गिऱ्हाइकांसाठी, आणि दुकानातली पुस्तकं जशी होतात तसं ते आठवड्यात झालं, पानं मऊ, कडा काळ्या, आणि कंबरपट्टा तर पहिल्याच दिवशी कुणीतरी फाडून त्यावर शर्यतीच्या घोड्यांची नावं लिहून नेलेला. तोमोए मामाचा डबा द्यायला आत आली. खुर्चीत कुणीतरी मान मागे टाकून डोळे मिटून पडलेला, तोंडाला साबण, आणि त्याच्या छातीवर ते पुस्तक, मुखपृष्ठ वर करून. समोरच्या आरशात तिला ते दिसलं. धक्का उलट्या बाजूला वळलेला, नटी तशीच, आणि उजव्या कोपऱ्यात, म्हणजे खरं तर डाव्या, एक पाठ. वाकलेली पाठ, डोक्याला लाल रुमाल, कोपरात बादली. "डबा ठेव ना, उभी काय राहिलीस?" मामा वस्तरा पुसत म्हणाला. "आणि इकडे बघू नकोस. तुझं वय नाही." तिनं डबा ठेवला. दुसऱ्यांदा गेली तेव्हा पुस्तक कुणीतरी पळवलं होतं.

तिनं ते कुणालाही सांगितलं नाही. लाजेनं नव्हे. सांगितलं असतं तर गावानं तिला लगेच त्या फलकाशेजारी उभं केलं असतं, सोसायटीच्या कॅलेंडरवर छापलं असतं, आणि मग ते तिचं उरलं नसतं. न सांगितल्यामुळे ते वाढत गेलं. नागोयाला नोकरीसाठी आली, पहिल्या हिवाळ्यात एका खोलीत एकटी राहिली, भिंतीपलीकडे कुणीतरी रोज त्याच वेळी खोकायचं, तेव्हा ती पांघरुणात पडल्या पडल्या विचार करायची की या शहरात, आत्ता, या क्षणी, किती कपाटांत माझी पाठ आहे. गाद्यांच्या मागे, बुटांच्या खोक्यांत, पगाराच्या चिठ्ठ्यांखाली. कागदात गुंडाळलेली, पट्ट्याखाली झाकलेली, कुणी न पाहिलेली. चापूनचोपून सूट घातलेला एखादा माणूस काउंटरवर येऊन "इस्त्री नीट नाही" म्हणून खेकसला की ती मान लववून माफी मागायची आणि लववलेल्या मानेनं मनाशी म्हणायची, साहेब, घरी आहे मी तुमच्या. त्यानं फार बरं वाटायचं. अजूनही वाटत होतं, आज दुपारपर्यंत. गावी गेली की धक्क्याच्या टोकाला फोटोवाल्यांची रांग असायची आणि तोमोए बर्फखान्याच्या दाराशी, तिच्या जागी, थोडा वेळ उभी राहायची. तिथे कुणीच फोटो काढत नसे.

पण लाल रुमाल. तिच्याकडे लाल रुमाल होता का कधी?

"काय गं, भूत पाहिलंस का?" मागच्या खोलीतून इस्त्रीच्या वाफेआडून ताकेमुराबाईंनी विचारलं. ताकेमुराबाई सत्तर पार केलेल्या, दुकानात सगळ्यांत जुन्या, आणि मालकालाही 'बाळ' म्हणणाऱ्या.

"सेगावा नागीचं पुस्तक परत आलंय," तोमोए म्हणाली. एवढं सांगायला हरकत नव्हती.

"अगंबाई!" ताकेमुराबाईंनी इस्त्री उभी ठेवली. "आमच्या ह्यांनी ते कुठे ठेवलं होतं सांगू? देवघरात. वाडवडिलांच्या नावांच्या पाट्यांच्या खालचा जो कप्पा असतो ना, उदबत्त्यांचा, त्यात. मी रोज सकाळी वारलेल्या सासूबाईंना भात दाखवायची आणि खाली ही बया कोट उघडून उभी."

"मग? तुम्ही काय केलंत?"

"काय करणार? उदबत्त्यांची जागा बदलली. पुरुषमाणसानं एवढी मेहनत घेऊन काही लपवलं तर ते सापडू नये इतकी तरी माणुसकी नको का?" त्या वाफेत हसल्या. "आणि नंतर खरं सांगू का, मीही गेले. स्टुडिओत. त्या वर्षी सगळ्या स्टुडिओंनी पाट्या लावल्या होत्या, 'आज जशा आहात तशा.' चाळिशी गाठली होती मी. नाही, नाही, कपड्यांत गं! किमोनोत. एक खांदा जरासा…" ताकेमुराबाईंनी ॲप्रनचा पट्टा खांद्यावरून बोटभर खाली सरकवला आणि लगेच वर घेतला. "फोटोवाला बिचारा घामाघूम. तो फोटो मी जाताना बरोबर नेणारे. शवपेटीत ठेवायला सांगितलंय मुलीला. तू नाहीस काढलास कधी असा?"

"एक आहे," तोमोए म्हणाली आणि जीभ चावली. आहे? की नाही?

दुपारभर ती कपड्यांना चिठ्ठ्या टोचत राहिली. खिसे तपासायची सवय हाताला होती, हात आपोआप आत जात होते, चाव्या, रुमाल, एक वाळलेलं जिंकगोचं पान, आणि प्रत्येक खिशात हात घालताना तिला वाटत होतं की आता इथे असेल. काय असेल? माणूस कशाच्या आधारावर उभा असतो हे त्याला ती वस्तू हलवेपर्यंत कळत नाही, असं काहीतरी तिच्या मनात आलं आणि ते फार मोठं वाटल्यामुळे तिनं सोडून दिलं. छोटं होतं ते सगळं. एक पाठ. पण समजा ती दुसऱ्या कुणाची असेल? शेडमध्ये काम करणाऱ्या पोरी काय कमी होत्या. किंवा आरशातलं डोळ्यांना दिसलेलंच नसेल, साबणाचा डाग असेल, वस्तऱ्याची सावली, आणि बाकीचं तिनं त्या हिवाळ्यात पांघरुणात घडवलं असेल, खोकणाऱ्या भिंतीला टेकून. मग तेहतीस वर्षं लोकांच्या कपाटांत कोण राहत होतं? तिचं लग्न ठरताना, हॉटेलच्या दिवाणखान्यात, समोर बसलेला तो बस ड्रायव्हर कॉफीकडेच बघत असताना, मावशी दोघांच्या वतीनं बोलत असताना, तोमोएनं शांतपणे स्वतःशी म्हटलं होतं, यानं मला पाहिलं असेल, आणि त्या एका वाक्याच्या जोरावर तिनं मान वर करून त्याला विचारलं होतं, "बस चालवताना गाणं म्हणता का तुम्ही?" तो दचकून म्हणाला होता, "मनातल्या मनात." लग्न तिथेच ठरलं. म्हणजे त्या वाक्याखाली काहीच नसेल तर

इथे गिऱ्हाईक आलं. तिनं वाक्य अर्धंच ठेवलं.

पडताळायचं तर घरीच पडताळता आलं असतं, हे तिला पहिल्या क्षणापासून ठाऊक होतं. नवऱ्याकडे, तात्सुओकडे, ते पुस्तक होतं. झोपायच्या खोलीतल्या भिंतीतल्या कपाटात, वरच्या फळीवर, मुलीच्या बाहुल्यांच्या खोक्यांमागे, पुस्तकाच्या दुकानाच्या खाकी कागदात गुंडाळलेलं. दर वर्षअखेरीच्या घरझाडणीला ती खोकी काढायची, पुस्तकाच्या चारी बाजू पुसायची आणि खोकी पुन्हा लावायची. कागद कधी सोडला नाही. ताकेमुराबाईंसारखीच ही एक गोष्ट होती, दुसऱ्याचं लपवलेलं लपलेलं राहू द्यायची. शिवाय आपण आपल्याच घरात, आपल्याच नवऱ्याच्या कपाटात, त्याच्या नकळत झोपलेल्या आहोत, यासारखी मजा दुसरी नव्हती. आता मात्र ती मजा हातात धरून उजेडात बघायची वेळ आली होती.

जेवताना तिनं विषय काढला. लाल मिसोचं सार, वांगी, तळलेला बांगडा. तात्सुओ वर्षापूर्वी निवृत्त झाला होता आणि अजूनही प्रत्येक घास घेण्याआधी डावीउजवीकडे बघायचा.

"अहो, ते सेगावा नागीचं पुस्तक काढाल का जरा?"

"कुठलं पुस्तक?"

"बाहुल्यांच्या मागचं."

तात्सुओनं सार प्यायलं. वाटी खाली ठेवली. पुन्हा उचलली. "ते होय. ते मला वाटतं डेपोतल्या कुणाचं तरी आहे. ठेवायला दिलं होतं."

"तीस वर्षं?"

"विसरभोळा माणूस होता."

"दर डिसेंबरला कपाट पुसतं कोण, अहो?"

मग त्याच्या कानांच्या पाळ्या लाल झाल्या, आणि मग, तिला अपेक्षा नव्हती, तो हसायला लागला. "म्हणजे तुला पहिल्यापासून… आणि मी दर डिसेंबरला बाहेर जाऊन बसायचो, तुझ्या हाताला लागलं तर काय म्हणून. थंडीत! तीन-तीन तास!" हसता हसता त्यानं डोळे पुसले. "अगं, तो दिवसच असा होता. नवीन नोकरी, संध्याकाळची फेरी, आणि माझ्या बसमध्ये चढलेल्या प्रत्येक बाप्याच्या मांडीवर तेच पुडकं. तोच खाकी कागद, तोच आकार. कुणी उघडत नाही, कुणी कुणाकडे बघत नाही, सगळे खिडकीबाहेर. अख्खी बस चर्चमध्ये बसल्यासारखी. मी आरशात बघून हसू दाबत होतो आणि माझं पुडकं माझ्या सीटखाली."

"काढा ना पण."

"आत्ता? जेवून?"

"हात धुऊन."

त्यानं हात धुतले, पुसले, आणि कपाटातून पुस्तकाबरोबर आणखी काहीतरी आणलं: नोकरीतले पांढरे हातमोजे. ते घालून तो चटईवर बसला आणि खाकी कागद असा सोडायला लागला की जणू आत बाळ झोपलंय. खाकी कागदाच्या आत आणखी एक पातळ, दुधी, पारदर्शक कागद, कडांना चिकटपट्टी. त्याच्या आत मुखपृष्ठ. नटी, समुद्र, आणि खाली तो कंबरपट्टा. 'ती आता कुणाचीच नाही.' मुखपृष्ठावर दमट हवेचे तपकिरी ठिपके आले होते, नटीच्या कोटावर, आभाळावर, म्हातारीच्या हातावर येतात तसे.

"हा काढा," तोमोए पट्ट्यावर बोट ठेवून म्हणाली.

तात्सुओचे हातमोजे थबकले. "पट्टा? छे. पट्टा काढायचा नसतो. मी एकदाही काढलेला नाही. पट्टा आहे म्हणून हे पुस्तक आहे, पट्टा गेला की नुसते फोटो." मग तिच्याकडे बघून, "का गं? काय झालंय?"

तिनं सांगितलं. बर्फखाना, बादली, मामाचा आरसा, आजचं दुकान, बाहीनं पुसलेला कोपरा. सांगायला वाटलं होतं त्यापेक्षा फार कमी वेळ लागला. एवढी वर्षं सांभाळलेली गोष्ट भाजीच्या भावासारखी झटकन सांगून संपली, आणि संपल्यावर तिला भीती वाटली, कारण आता ती दोघांची होती. आता जर पट्ट्याखाली काही नसलं तर ते नसणंही दोघांचं होणार होतं. तात्सुओ तिला समजूतदारपणे म्हणेल, असतं असं कधीकधी. म्हणेलच. तो चांगला माणूस होता.

"थांब," तिनं म्हटलं. "नको. राहू दे."

"आता काय राहू दे!" तो म्हणाला. त्यानं उजव्या हाताचा मोजा काढला, नख पट्ट्याच्या दुमडीखाली घातलं, आतली घडी हळूच बाहेर ओढली. पट्टा सुटला. कागदाला कागद चिकटलेला अलग होताना होतो तसा बारीक आवाज आला. पट्ट्याखालचा भाग अगदी ताजा निघाला. एकही ठिपका नाही. वरचं आभाळ म्हातारं आणि खालचं सिमेंट कालच ओलं झालेलं. आणि डाव्या खालच्या कोपऱ्यात एक पाठ.

लाल नव्हता रुमाल. पिवळा होता. निळ्या ठिपक्यांचा, आईचा. तोमोएला तो पाहिल्यावरच आठवला, त्याला येणारा कुठल्याशा स्वस्त तेलाचा वास, गाठीपाशी विरलेलं सूत. तिनं घडवलेलं असतं तर तो लालच निघाला असता. पिवळा आहे म्हणजे खरा आहे. तिला इतकं हायसं वाटलं की ती चटईवर हात टेकून मागे रेलली.

"ही?" तात्सुओ नाक लावून बघत होता. "पाठच आहे नुसती."

"मग? बायकोची पाठ ओळखू येत नाही?"

"उभी राहा बघू." ती उभी राहिली. "वळ. ती स्वयंपाकघरातली बादली घे." तिनं बादली घेतली, न ठरवता कोपरात अडकवली, आणि दोन पावलं चालली. मग तात्सुओ म्हणाला, वेगळ्याच आवाजात, "कडी आतल्या बाजूला. तू पिशवीसुद्धा अशीच धरतेस. जगात कुणी पिशवी अशी धरत नाही." आणि थोड्या वेळानं, "मी पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत हिलाच बघत बसलो, आणि माझीच बाई आपली खाली, अंधारात."

"तिथे बरं होतं मला."

"पण नव्यातून काढलं म्हणजे काय? विचारायला नको? पत्र लिहितो मी त्यांना."

"काय लिहिणार? माझ्या बायकोची पाठ परत द्या?"

"हो!"

"अहो, किती घरांत आहे ती अजून. ती कोण पुसणार?" हे बोलताना तिला ती सगळी कपाटं पुन्हा दिसली, एकेक करून नव्हे, सगळी एकदम, डोंगरावरून दिसणाऱ्या गावाच्या दिव्यांसारखी; फक्त दिवे लागलेले नव्हते, आणि लागायची गरजही नव्हती. एका कपाटात मात्र आता उजेड पडला होता. त्याला तिची ना नव्हती.

तात्सुओनं तिचा हट्ट मोडला नाही, पण पत्राऐवजी दुसरंच विचारलं. "एवढी माणसं होती तिथे. छपरावर, गाडीपाशी. तुला कुणी अडवलं कसं नाही?"

"वारा केवढा होता," तोमोए म्हणाली आणि शेगडीवरची रताळी आणायला उठली.

रताळी खाताना त्यानं पुस्तक पुन्हा गुंडाळलं नाही. कंबरपट्टा सरळ करून त्याची घडी घातली आणि पुस्तकाच्या शेवटच्या पानात ठेवली, आणि पुस्तक टीव्हीशेजारी उभं केलं, मुलगी रविवारी येणार आहे हे माहीत असूनही. नटी दुधाचा भाव ऐकत होती. कोपऱ्यातली पोर आपल्या वाटेनं चालली होती. रताळं मधोमध कच्चं राहिलं होतं आणि दोघांनीही ते तसंच खाल्लं.

त्या सकाळी धक्क्यावर मेकअपवाल्या बाईनं हात वर करून, "अहो ताई, फोटो होईपर्यंत जरा थांबा," असं दोनदा ओरडून सांगितलं होतं, आणि तोमोएला ते दोन्ही वेळा स्पष्ट ऐकू आलं होतं.